बडोद्याच्या नोकरीतले तीन परके



या व्याख्यानमालेत इतिहासाचे प्राध्यापक बोलले, दप्तरखान्यात हयात घालवलेले संशोधक बोलले. मी निजामपुऱ्यात दवाखाना चालवणारा होमिओपॅथीचा डॉक्टर. इतिहास हा माझा व्यवसाय नव्हे, संध्याकाळचा दवाखाना आटोपल्यावरचे वाचन आहे. तरीही आजचा विषय मला व्यवसायानेच सुचवला.

आमच्या शास्त्रात रोग्याची हकिकत सावकाश घ्यावी लागते. झोप, तहान, घाम यांच्याइतकेच महत्त्व मनाच्या लक्षणांना असते. डॉ. केंट यांच्या लक्षणकोशात, ज्याला आम्ही रेपर्टरी म्हणतो, मनाच्या प्रकरणात 'संगत' असा एक स्वतंत्र विभागच आहे. कोणाला माणसे नकोशी होतात, कोणाला एकटे राहवत नाही, कोणाला कोणी बोलायला नको पण शेजारच्या खोलीत माणूस हवा असतो. या प्रश्नांना अनुभवाने मी माझा एक प्रश्न जोडला: कामावर तुमच्याशी कोण बोलते? निजामपुरा, फतेगंज, छाणी जकातनाका या पट्ट्यात खत कारखान्यात, रिफायनरीत, पेट्रोकेमिकलमध्ये पाळीवर जाणारी आणि त्यांतून निवृत्त झालेली कितीतरी माणसे राहतात. या प्रश्नावर काही जण लगेच दोन-तीन नावे घेतात. काही जण थोडा वेळ गप्प राहून म्हणतात, "तसे सगळेच बोलतात." या दोन उत्तरांत पुष्कळ अंतर आहे.

आपल्या बडोद्याच्या इतिहासालाही हाच प्रश्न विचारावा असे मला वाटले. कारण बडोद्यातला मराठी माणूस हा मुख्यतः नोकरीतला माणूस. कोणाचे पूर्वज गायकवाडांच्या फौजेबरोबर आले, कोणाचे फडणिशीत, कोणाचे मामलेदार, शिक्षक, कारकून म्हणून. आपल्या घराण्यांचा इतिहास बराचसा कचेऱ्यांचा इतिहास आहे, आणि कचेरीत कोण कोणाशी कसे वागले हे आज्ञापत्रिकेत छापून येत नाही. ते आठवणींतून, पत्रांतून आणि चरित्रांतून शोधावे लागते.

सयाजीराव महाराज स्वतःच एका अर्थाने या गावात परके म्हणून आले. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाणे गावच्या शेतकरी घरातला हा मुलगा १८७५ साली दत्तक म्हणून राजवाड्यात आला. १८८१ मध्ये राज्याचा पूर्ण अधिकार हाती आल्यावर त्यांनी दूरदूरची गुणी माणसे नोकरीत आणली. त्यांतल्या तिघांविषयी मी बोलणार आहे. एक बंगालचा, एक कोकणचा, आणि तिसरा तर आपलाच, मराठी बोलणारा. तिघेही याच शहरात, एकाच महाराजांच्या चाकरीत होते. तिघांनाही एकाकीपण भेटले, पण तिघांचे एकाकीपण एका जातीचे नव्हते.

पहिले अरविंद घोष. वयाच्या सातव्या वर्षी इंग्लंडला गेलेला हा मुलगा १८९३ च्या फेब्रुवारीत, विशीत, मुंबईच्या अपोलो बंदरावर उतरला आणि त्याच महिन्यात बडोद्याच्या नोकरीत लागला. आधी जमीनमोजणीचे खाते, मग स्टँप आणि महसूल, मग सचिवालय, आणि पुढे बडोदे कॉलेजात फ्रेंच व इंग्रजीचे अध्यापन. ग्रीक आणि लॅटिन उत्तम येत होते. मराठी नाही, गुजराती नाही, आणि मातृभाषा बंगालीही जेमतेम. भाषा नसलेला माणूस कचेरीत किती एकटा पडतो याची कल्पना आपल्यातल्या ज्यांची मुले जर्मनीत किंवा जपानात नोकरीला आहेत त्यांना सहज येईल.

या माणसाला बडोद्यात घर मिळाले ते जाधवांचे. खासेराव जाधव विलायतेत शेतकी शिकून आलेले, संस्थानचे वरिष्ठ अधिकारी. धाकटे बंधू माधवराव लष्करात. दांडिया बाजारातल्या खासेरावांच्या घरात अरविंद बरीच वर्षे राहिले. तेच आजचे श्रीअरविंद निवास. आपण त्यावरून रोज जातो. केंब्रिजच्या काळातले मित्र केशवराव देशपांडे यांनी आधी मुंबईच्या 'इंदुप्रकाश'मध्ये त्यांना लिहिते केले आणि पुढे तेही बडोद्याच्या नोकरीत आले. १८९८ मध्ये बंगाली शिकवण्यासाठी दिनेंद्रकुमार रॉय कलकत्त्याहून येऊन त्यांच्याबरोबर राहिले. त्यांनी लिहिलेल्या आठवणींत रात्री उशिरापर्यंत दिव्याशी वाचत बसलेला, डासांकडे लक्ष नसलेला, मुंबईच्या पुस्तकविक्रेत्यांकडून पेट्या भरून पुस्तके मागवणारा एक अबोल माणूस दिसतो.

राजाराम पाटकर हे त्या वेळचे एक मराठी विद्यार्थी. त्यांनी सांगितलेली एक गोष्ट अशी की, तीन महिन्यांचा पगार एकदम हाती आला की अरविंद तो टेबलावरच्या तबकात ओतून ठेवीत. कुलूप नाही, हिशेब नाही. पाटकरांनी विचारले तेव्हा, आपण प्रामाणिक माणसांत राहतो याचाच हा पुरावा, अशा अर्थाचे उत्तर त्यांनी हसून दिले. संन्यस्त वृत्तीचे उदाहरण म्हणून ही गोष्ट सांगितली जाते. मला तिच्यात जाधवांच्या घराविषयीही काही दिसते. उघडे तबक ठेवायला मन विरक्त लागते तसे घरही आपले वाटावे लागते.

अरविंदांच्या स्वभावात एकांत होताच. पण एकांत आणि एकाकीपण यांत फरक आहे. आम्हा जैनांच्या बारा भावनांत एकत्वभावना आहे. जीव एकटा येतो, एकटाच जातो, आपले कर्म एकट्यानेच भोगतो, असे तिचे चिंतन. ते चिंतन माणूस स्वतः होऊन करतो आणि ते आटोपल्यावर जेवायला सर्वांमध्ये येऊन बसतो. दांडिया बाजारात अरविंदांना एकांत मिळाला तो यामुळे की खालच्या मजल्यावर माणसे होती.

दुसरे गोविंद सखाराम सरदेसाई, आपले रियासतकार. रत्नागिरी जिल्ह्यातल्या गोविल गावात १८६५ साली जन्म, आणि १८८९ मध्ये बडोद्याची नोकरी. काम महाराजांना वाचून दाखवण्याचे, टिपणे काढण्याचे, राजपुत्रांना शिकवण्याचे. प्रवासात महाराजांबरोबर राहावे लागे. छत्तीस-सदतीस वर्षे त्यांनी ही चाकरी केली. तिच्या फटींतून त्यांनी इतिहास लिहिला: १८९८ मध्ये 'मुसलमानी रियासत', आणि १९०२ पासून 'मराठी रियासत'चे भाग.

सरदेशांना घर होते, जात होती, भाषा होती, हुद्दा होता. त्यांचे एकाकीपण कामातले होते. ज्याने एखादे मोठे काम नोकरी सांभाळून केले आहे त्याला ते कळेल. दिवसभर धन्याच्या मर्जीचे काम, रात्री स्वतःचे. घरच्यांना आपण काय करतो याचे कौतुक असते, पण त्यातली अडचण सांगायची कोणाला? कुठल्यातरी लढाईची तारीख दोन कागदांत दोन दिवसांनी वेगळी येते, आणि त्यापायी माणसाला झोप लागत नाही. हे शेजाऱ्याला सांगून उपयोग नसतो. पुण्याच्या विद्वानांपैकी अनेकांनी बडोद्याच्या या नोकरदार लेखकाकडे फारशा आपुलकीने पाहिले नाही.

ते ऐकणारे माणूस त्यांना मिळाले ते हजार मैलांवर. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात यदुनाथ सरकार यांच्याशी त्यांचा पत्रव्यवहार सुरू झाला. यदुनाथ बंगाली, औरंगजेबाचा इतिहास लिहिणारे. त्यांना मराठी कागद हवे होते आणि सरदेशांना फारसी साधनांची माहिती. व्यवहार असा देवाणघेवाणीने सुरू झाला आणि पन्नास वर्षे टिकला. अमुक बखर कुठे मिळेल, अमुक शब्दाचा अर्थ काय, पुस्तक पोचले का, यांसारख्या प्रश्नांनी पत्रे भरलेली असत. त्याच पत्रांत हळूहळू प्रकृतीची चौकशी आली, घरची दुःखे आली. सरदेशांचा मुलगा श्यामकांत शांतिनिकेतनात शिकून पुढे जर्मनीला गेला आणि १९२५ मध्ये तिथेच वारला. आधीही एक मुलगा गेला होता. त्याच वर्षी सरदेशांनी बडोद्याची नोकरी सोडली आणि पुढे लोणावळ्याजवळ कामशेतला ते राहायला गेले. यदुनाथांच्याही वाट्याला पोटच्या मुलांचे मृत्यू आले.

पण त्या मैत्रीने काम थांबू दिले नाही. सरदेशांनी पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे पंचेचाळीस खंड काढले त्या सगळ्या खटाटोपात यदुनाथ त्यांच्या पाठीशी होते. दोघांनी मिळून जुनी रणक्षेत्रे पायी पाहिली, यदुनाथ कामशेतला येऊन राहिले. यदुनाथ १९५८ मध्ये गेले, सरदेसाई १९५९ मध्ये. दोन बंद स्वभावाच्या, फारसे न हसणाऱ्या माणसांनी एकमेकांना अर्धशतक सोबत दिली आणि त्या सोबतीचे साधन होते कामाविषयीचे प्रश्न. कामाच्या ठिकाणची खरी मैत्री पुष्कळदा अशीच असते. ती मैत्री आहे हे दोघांपैकी कोणीच बोलून दाखवत नाही.

आता तिसऱ्या माणसाकडे येतो. इथे माझा, आणि मला वाटते तुमचाही, आवाज थोडा खाली येईल.

भीमराव रामजी आंबेडकर १९१७ च्या सप्टेंबरात बडोद्याला आले तेव्हा सव्वीस वर्षांचे होते. महाराजांच्या शिष्यवृत्तीवर ते १९१३ मध्ये न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेले होते, तिथून लंडनला; शिष्यवृत्तीची मुदत संपली म्हणून लंडनचे शिक्षण अर्धवट टाकून परतले. कराराप्रमाणे दहा वर्षे बडोद्याची नोकरी करायची होती. अकाउंटंट जनरलच्या कचेरीत त्यांची उमेदवार म्हणून नेमणूक झाली. पुढे मोठ्या जागेवर नेमण्याचा महाराजांचा मानस होता.

त्या दिवसांची हकिकत त्यांनी स्वतः सुमारे अठरा वर्षांनी इंग्रजीत लिहून ठेवली. ती 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या नावाने त्यांच्या पश्चात छापली गेली. बडोद्याच्या प्रत्येक मराठी घरात ती वाचली जावी असे मला वाटते, आणि ती लहान आहे, तासाभरात वाचून होते. पाच वर्षे परदेशात राहून आपण अस्पृश्य आहोत ही जाणीवच पुसली गेली होती, आणि बडोद्याच्या स्टेशनावर उतरताच ती परत आली, असे ते सांगतात. जायचे कुठे? हिंदू खाणावळीत प्रवेश नव्हता. परदेशात ओळख झालेली काही माणसे शहरात होती, पण त्यांच्या दारी जाऊन नकार घेण्याची हिंमत होईना. शेवटी ते पारशांच्या एका पथिकाश्रमात गेले.

तिथला व्यवस्थापक पारशी होता. नियम असा की फक्त पारशालाच जागा द्यायची. पण गिऱ्हाईक नव्हते, आश्रम रिकामा पडलेला. त्याने तोड काढली: वहीत पारशी नाव लिहा, रोजचे दीड रुपया भाडे द्या, जेवणासकट राहा. आंबेडकरांनी मान्य केले. वरच्या मजल्यावर एक लहानशी खोली आणि तिच्याबाहेर मोडक्या खुर्च्या-बाकांनी भरलेला मोठा अंधारा दिवाणखाना. व्यवस्थापक सकाळी चहा आणी, साडेनऊला जेवण, रात्री साडेआठला पुन्हा जेवण, आणि एक छोटा कंदील. त्याचा उजेड वीतभरापलीकडे जात नसे. बोलायला कोणी नाही. वटवाघळांचे फडफडणे तेवढे. माणसाच्या सहवासासाठी जीव तळमळे, आणि माणूस नव्हते म्हणून ते पुस्तकात डोके खुपसून बसत. सकाळी दहाला कचेरीत जायचे आणि मित्रांच्या संगतीत होईल तितका वेळ बाहेर काढून रात्री आठला परतायचे, असा क्रम होता.

आणि कचेरीत काय होते? धनंजय कीर यांच्या चरित्रात ते आले आहे. शिपाई कागदपत्रे आणि फाइली लांबूनच टेबलावर टाकीत. ते निघाले की जाजम गुंडाळून घेत. कचेरीतले पिण्याचे पाणी त्यांना मिळत नसे. राज्यातला बहुधा सर्वांत अधिक शिकलेला अर्थशास्त्रज्ञ तहानलेला बसे, आणि त्याच्या अंगावर फाइल टाकणाऱ्या शिपायाला त्या कचेरीतला एकही साहेब काही बोलला असे कोणी लिहून ठेवलेले नाही.

अकराव्या दिवशी सकाळी कचेरीला निघण्याच्या वेळी डझनभर पारशी हातांत काठ्या घेऊन जिन्यावर आले. तू कोण, इथे का आलास, आश्रम बाटवलास, संध्याकाळच्या आत निघून जा. सरकारी बंगल्यासाठी अर्ज केला होता, आठ दिवसांची मुदत द्या, असे त्यांनी विनवले. ती मिळाली नाही. त्यांनी दोन मित्र गाठले. एक हिंदू, स्वभावाने उदार; तो हळहळला आणि म्हणाला, तुम्ही माझ्याकडे आलात तर माझे नोकर निघून जातील. दुसरा ब्राह्मण कुळातून ख्रिस्ती झालेला. तो म्हणाला, पत्नी परगावी आहे, उद्या येईल, तिला विचारून सांगतो. दिवाणांकडून काही सोय झाली नाही. मुंबईची गाडी रात्री नऊची होती. दुपारी चारच्या सुमारापासून रात्री आठपर्यंत आंबेडकर कमाटीबागेत बसून राहिले. आज तिथे संकल्पभूमी आहे, आणि दरवर्षी २३ सप्टेंबरला हजारो माणसे येतात. त्या संध्याकाळी एकही माणूस त्यांच्याजवळ आला नाही.

या हकिकतीत दोन गोष्टी आहेत ज्यांच्याकडे सहसा लक्ष जात नाही. माझ्या विषयाच्या दृष्टीने त्या महत्त्वाच्या आहेत.

पहिली गोष्ट अशी. आंबेडकरांना बडोद्यात मित्र नव्हते असे नाही. मित्र होते, संध्याकाळी गप्पा होत होत्या, आणि नकार देणारे दोघेही वाईट नव्हते. एकाला नोकरांची भीती, दुसऱ्याला पत्नीची. शिपायाला कोणाची भीती होती? बहुधा त्याच्या शेजारच्या शिपायाची. पारशी व्यवस्थापकाला त्याच्या पंचांची. प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवत होता आणि त्या सगळ्या बोटांच्या मधोमध एक माणूस बागेत बसला होता. हे एकाकीपण त्या माणसाच्या मनात उगवलेले नव्हते. ते रोज थोडे थोडे, पाण्याचा पेला न देऊन, फाइल हातात न देऊन, त्याच्याभोवती रचले गेले होते. अरविंदांचे परकेपण एका घराने घालवले. सरदेशांचे एकटेपण एका मित्राने हलके केले. आंबेडकरांचे एकाकीपण एकट्या मित्राच्या सदिच्छेने जाण्यासारखे नव्हते. तिथे कचेरी बदलायला हवी होती.

खरे सांगायचे तर जाधवांच्या औदार्याची तशी कसोटीच लागली नाही. अरविंद आय. सी. एस. ची परीक्षा दिलेले, साहेबी इंग्रजी बोलणारे, महाराजांचे खास. त्यांना घरात घेतल्याने घरचा स्वयंपाकी निघून जाणार नव्हता. जाधवांचा मोठेपणा यामुळे कमी होत नाही, पण तिघांना एका रांगेत उभे केल्यावर हे सांगितले नाही तर हिशेब अपुरा राहील.

आणि महाराजांचे काय? आपल्याला सयाजीरावांचा अभिमान आहे, मलाही आहे. अस्पृश्यांच्या मुलांसाठी शाळा, १९०६ मध्ये संपूर्ण राज्यात सक्तीचे मोफत शिक्षण, परदेशी शिष्यवृत्ती. हे त्या काळात हिंदुस्थानात दुसऱ्या कोणी फारसे केले नव्हते. ज्या राज्याने आंबेडकरांना न्यूयॉर्कला पाठवले त्याच राज्याच्या कचेरीत त्यांना पाणी मिळाले नाही. हुकुमाने शाळा उघडते, पगार मिळतो, नेमणूक होते. पण शेजारच्या टेबलावरच्या माणसाने मान वर करून "या, बसा" म्हणावे, हे हुकुमाने होत नाही. ते करायचे काम कारकुनांचे, शिपायांचे, मधल्या साहेबांचे होते. म्हणजे आपल्या पणजोबांचे. मी त्यात माझा समाज वगळत नाही; माझ्या माणसांनी दार उघडल्याचीही कुठे नोंद नाही.

दुसरी गोष्ट त्या पारशी व्यवस्थापकाची. तो काही संत नव्हता. त्याला रोजचा दीड रुपया हवा होता म्हणून त्याने खोटे नाव चालवून घेतले. जेवण देताना तो क्षणभरही बोलायला थांबत नसे. काठ्या घेऊन माणसे आली तेव्हा तो आडवा गेला नाही. पण आंबेडकरांनी निरोपाचा क्षण लिहून ठेवला आहे. रात्री आठला टांगा आणून सामान उतरवले, तेव्हा तो बाहेर आला. दोघांच्याही तोंडून शब्द फुटला नाही. आपल्यामुळे हा माणूस संकटात आला असे त्याला वाटत होते. आंबेडकरांनी हिशेब चुकता केला, त्याने तो मुकाट्याने घेतला आणि मुकाट्यानेच निरोप घेतला गेला.

अठरा वर्षांनी लिहिताना, ज्या प्रसंगाच्या आठवणीने दरवेळी डोळ्यांत पाणी येते असे ते म्हणतात, त्यात त्यांनी या माणसाचे मौन नोंदवले. ते त्यांनी वाईट म्हणून नोंदवलेले नाही. बडोद्यातल्या त्या अकरा दिवसांत कोणाला तरी आपली लाज वाटली, याची ती नोंद आहे. किती थोडे होते ते! आणि तरी ते स्मरणात राहिले. दवाखान्यात बसणाऱ्या माणसाला हे ओळखीचे वाटते. रोगी आमची औषधे विसरतात. कोणी खुर्ची पुढे सरकवली हे विसरत नाहीत.

इथे मुंबईची एक आठवण जोडली पाहिजे, म्हणजे कमाटीबागेचा अर्थ पुरता लागेल. आंबेडकर शाळकरी वयात घरी जागा नसल्यामुळे चर्नी रोडच्या बागेत जाऊन वाचत बसत. तिथे संध्याकाळी कृष्णाजी अर्जुन केळुसकर फिरायला येत. ते विल्सन हायस्कुलातले शिक्षक, मराठी लेखक. रोज एकटाच वाचत बसणारा मुलगा पाहून त्यांनी जवळ जाऊन चौकशी केली, आणि तो कोण हे कळल्यावरही चौकशी थांबवली नाही. पुस्तके दिली. स्वतः लिहिलेले बुद्धचरित्र भेट दिले, आणि ते पुस्तक बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या ग्रंथमालेसाठी लिहिलेले होते. पुढे महाराजांपर्यंत या मुलाचे नाव पोचवण्यातही केळुसकरांचा हात होता. शिष्यवृत्ती, परदेश, आणि शेवटी धम्म, या सगळ्याच्या मुळाशी एका शिक्षकाने बागेत थांबून विचारलेला साधा प्रश्न आहे: काय वाचतोस? एका बागेत एक माणूस थांबला. दुसऱ्या बागेत चार तासांत कोणी थांबले नाही. दोन्ही बागांत त्या दिवशी फिरायला आलेली माणसे साधारण सारखीच असणार.

आपण इतिहास वाचतो तो आपल्या पूर्वजांना न्यायालयात उभे करण्यासाठी नव्हे. पण पूर्वजांच्या पगडीचा, वाड्याचा, सनदेचा वारसा आपण घेतो, तर त्यांच्या कचेरीचाही घ्यावा लागतो. तो वारसा आज कुठे दिसतो ते मला सांगावेसे वाटते, कारण मी तो रोज पाहतो.

आपल्या सोसायट्यांचे पहारेकरी बिहारमधून, उत्तर प्रदेशातून, पंचमहालातून येतात. बारा-बारा तासांच्या पाळीत त्यांच्याशी बोलले जाते ते "गाडी काढ" आणि "पार्सल घे" एवढेच. त्यांची पोटाची, झोपेची दुखणी माझ्याकडे येतात. घरकाम करणाऱ्या बाईचा कप आजही कितीतरी घरांत ओट्याच्या कोपऱ्यात वेगळा उपडा ठेवलेला असतो. आता आपण त्याला स्वच्छता म्हणतो. फाइल लांबून टाकणे आता राहिले नाही, कारण फाइली संगणकावर गेल्या. पण नव्या माणसाला जेवणाच्या टेबलावर कोणी जागा न करणे, आडनाव ऐकल्यावर बोलणे आखडणे, हे मला नोकरीवर नव्याने लागलेली मुले सांगतात. त्यांना डोके दुखते म्हणून ती माझ्याकडे येतात.

आणि दुसऱ्या बाजूने पाहिले तर आज एकटे कोण आहे? आपणच आहोत. दांडिया बाजार, रावपुरा, बाबाजीपुरा इथले वाडे गेले, आपण निजामपुऱ्यात, समात, मांजलपुरात फ्लॅटमध्ये आलो, मुले पुण्याला आणि न्यू जर्सीला. ज्यांच्या घरात एके काळी पंगती उठत होत्या त्या घरात आता दोन माणसे, नाहीतर एकच. त्या एकाशी दिवसभरात बोलते कोण? दूधवाला, रिक्षावाला, कामाला येणारी बाई, फाटकावरचा पहारेकरी, आणि दवाखान्यातला माझा कंपाउंडर. आजोबा दोन दिवस खाली उतरले नाहीत हे परदेशातल्या मुलाच्या आधी फाटकावरच्या माणसाला कळते. तो वर जाऊन घंटा वाजवतो. हे त्याच्या पगारात बसत नाही. कपाचा हिशेब ठेवणाऱ्या घराशीही तो असाच वागतो, हे मी पाहिले आहे.

सरदेसाई आणि यदुनाथांनी एकमेकांना जे दिले ते प्रश्नांतून दिले. जाधवांनी दिले ते एक खोली देऊन. केळुसकरांनी दिले ते फिरताना थांबून. यांतल्या कशालाही पैसा फारसा लागला नाही, मोठे मनही कदाचित लागले नाही. लागला तो थोडा वेळ, आणि केळुसकरांच्या बाबतीत थोडे धैर्य, कारण ते कोणाशी बोलत आहेत हे बागेतले इतर लोक पाहत होते. १९१७ च्या बडोद्यात चांगली माणसे पुष्कळ होती. अशा थोड्या धैर्याची माणसे कमी पडली.

आंबेडकर बडोद्यात अकरा-बारा दिवस राहिले. राज्याची तिजोरी, रस्ते, धरणे, ग्रंथालये यांवर त्यांच्यासारख्या माणसाने दहा वर्षे काम केले असते तर काय झाले असते, याचा विचार मी कधीकधी कमाटीबागेवरून फतेगंजकडे येताना करतो. ती दहा वर्षे आपण गमावली. ती गमावण्यात एका पाण्याच्या पेल्याचा वाटा होता. तो पेला कोणीही देऊ शकले असते, एखादा शिपाईसुद्धा.